लाउंड्सचे मृत आणि त्यांची नोंद

'पँथर' हा शब्द आपल्या चळवळीत १९७२ साली आला. नामदेव ढसाळ, ज. वि. पवार, राजा ढाले आणि त्यांच्या सोबत्यांनी मुंबईत दलित पँथर उभी केली तेव्हा तो शब्द त्यांनी अमेरिकेतील काळ्या तरुणांकडून घेतला, हे सर्वांना ठाऊक आहे. पण त्या तरुणांनी तो कुठून घेतला, हे आपण फारसे विचारलेले नाही. ह्यू न्यूटन आणि बॉबी सील यांनी ऑक्टोबर १९६६ मध्ये कॅलिफोर्नियातील ओकलंड शहरात आपला पक्ष काढला, त्याच्या आधीच काळ्या पँथरचे चित्र दक्षिणेतल्या एका खेडवळ भागात निवडणूक-चिन्ह म्हणून लोकांपुढे आलेले होते. अलाबामा राज्यातील लाउंड्स काउंटी हा तो भाग. काउंटी म्हणजे आपल्या तालुक्याएवढा प्रदेश समजावा. पँथर शहरातून खेड्यात गेला नाही. खेड्यातल्या कापूस वेचणाऱ्या माणसांनी तो उभा केला आणि शहराने तो उचलला.

या पक्षाचा इतिहास आता बराच लिहिला गेला आहे आणि तो येथे पुन्हा सांगण्याचे कारण नाही. मला बोलायचे आहे ते लाउंड्समध्ये मेलेल्या माणसांविषयी. त्यांची नोंद कुणी ठेवली, कुणी ठेवली नाही, आणि त्या नोंदीसाठी तिथल्या लोकांना निवडणूक का लढवावी लागली, याविषयी.

लाउंड्स ज्या पट्ट्यात येते त्याला 'ब्लॅक बेल्ट' म्हणतात. हे नाव आधी माणसांवरून नव्हे, मातीवरून पडले. आपल्या वऱ्हाड-मराठवाड्यासारखी काळी, चिकट, पावसात पाय धरून ठेवणारी माती, आणि तीत तेच पीक, कापूस. दोन्ही मातींचे नातेही जुने आहे. १८६१ ते १८६५ या काळात अमेरिकेत यादवी युद्ध झाले, दक्षिणेचा कापूस मँचेस्टरला पोचेना, म्हणून वऱ्हाडातल्या कापसाला भाव आला. त्या भावाचा पैसा सावकाराच्या आणि दलालाच्या घरात गेला. वेचणारे हात इथेही उपाशी राहिले आणि तिथेही. हात कुणाचे होते, हे सांगायला नको.

गुलामांची मोजणी अमेरिकन सरकार करीत असे. १८५० आणि १८६० च्या जनगणनेत गुलामांसाठी वेगळे तक्ते होते. त्यात मालकाचे नाव आहे. त्याखाली ओळीने वय, लिंग आणि रंग. माणसाचे नाव लिहायला रकानाच नाही. दक्षिणेतील बहुसंख्य काळ्या कुटुंबांची नावे सरकारी शिरगणतीत पहिल्यांदा उमटली ती १८७० साली. पुढे १८९० च्या मोजणीचे बहुतेक कागद १९२१ च्या आगीत नष्ट झाले. म्हणजे १८८० च्या मोजणीनंतर जन्मलेले मूल १९०० च्या मोजणीआधी मेले, तर ते जन्मले होते याचा पुरावा या कागदांत कुठेच उरत नाही. अलाबामात राज्यभर जन्म-मृत्यूची नोंद सुरू झाली ती १९०८ साली. इतिहासाचा शिक्षक म्हणून मी विद्यार्थ्यांना नेहमी सांगतो की कागद हा पुरावा आहे. पण कागद ठेवायचा की नाही हे ठरवणारा कोण होता, हे सांगितल्याशिवाय ते वाक्य अर्धेच राहते.

मग त्या माणसांनी आपले मृत कसे लक्षात ठेवले? ज्यांच्याकडे दगड कोरून घ्यायला पैसा नव्हता त्यांनी शेतातला ओबडधोबड दगड डोक्याशी रोवला. दक्षिणेतील काळ्यांच्या जुन्या स्मशानभूमीत अशा दगडांच्या रांगा आहेत. त्यावर अक्षर नाही. काही ठिकाणी कबरीवर शिंपले, फुटकी चिनी भांडी, दिवे मांडलेले दिसतात. मृताने शेवटी वापरलेली वस्तू त्याच्यापाशी ठेवायची, असा हा आफ्रिकेतून आलेला रिवाज असल्याचे अभ्यासक सांगतात. पुढे घरीच सिमेंट ओतून, ते ओले असताना खिळ्याने किंवा काडीने नाव कोरलेले दगड आले. त्यात कधी अक्षर उलटे पडलेले असते, कधी ओळ संपल्याने नावाचा शेवट खाली गेलेला असतो. ज्या समाजाला अक्षर शिकवणे गुलामगिरीच्या काळात दक्षिणेतील अनेक राज्यांत कायद्याने गुन्हा होता, त्या समाजाच्या पुढच्या पिढीने पहिले अक्षर कबरीवर गिरवावे, यावर कुणी हसू नये.

दुसरी सोय म्हणजे दफन-मंडळ्या. दर आठवड्याला काही सेंट द्यायचे, आणि मरणानंतर पेटी, गाडी व चार माणसे यांची हमी घ्यायची. जगताना मालकाच्या उधारीच्या वहीतून ज्याचे नाव कधी खोडले जात नसे, त्याला निदान मेल्यावर कुणाचे देणे लागू नये, अशी ती धडपड होती. मुंबईत गिरणीत गेलेल्या आपल्या लोकांनी चाळीचाळीत गावकीची मंडळे काढली आणि वर्गणी जमवली, त्यातही मयताचा खर्च हे एक मोठे कलम असे. शिकागो-डेट्रॉइटला गेलेल्या काळ्या मजुरांची प्रेतेही कितीदा आगगाडीने दक्षिणेत परत नेली जात. ज्या गावाने जगू दिले नाही त्याच गावच्या मातीत जाण्याची ही ओढ मला बराच काळ उमगत नव्हती. आता वाटते, तो गावाविषयीचा लोभ नव्हे. तिथे आईबापाचे दगड आहेत, आणि त्या बिनअक्षरी दगडांतला आपला कुठला, हे फक्त घरच्यांनाच ठाऊक असते.

तिसरी गोष्ट आपल्या अभ्यासकांनी विशेष लक्षात घेण्यासारखी आहे. तिथल्या काळ्या चर्चमध्ये अंत्यविधीला एक छापील पत्रिका वाटतात. तीत मृताचा फोटो, जन्मतारखेला 'सूर्योदय' आणि मृत्यूच्या तारखेला 'सूर्यास्त' असे शब्द, आणि घरच्यांनी लिहिलेले अर्ध्या-पाऊण पानाचे चरित्र असते. कुणाच्या पोटी जन्म, कोणत्या शाळेत कितवीपर्यंत, कुठे काम, चर्चमध्ये कोणती जबाबदारी, मागे कोण कोण. ते सर्वांसमोर वाचले जाते आणि घरी बायबलमध्ये जपले जाते. आज काळ्या कुटुंबांचा इतिहास शोधणारे या पत्रिकांना मोठे साधन मानतात. वर्तमानपत्राने ज्याची बातमी दिली नाही, त्याचे चरित्र घरच्यांनी छापले.

लाउंड्सला 'रक्ताळलेले लाउंड्स' असे नाव पडले होते. लेटोहॅची नावाचे एक लहानसे गाव या काउंटीत आहे. तिथे १९०० साली गोऱ्या जमावाने जिम क्रॉस या काळ्या माणसाला त्याच्या दारात मारले. त्याचा अपराध एवढाच की त्याने आधीच्या एका लिंचिंगविरुद्ध तोंड उघडले होते. मग जमाव घरात शिरला आणि त्याची बायको, मुलगा व मुलगी यांनाही मारले. १९१७ साली त्याच गावी विल आणि जेसी पॉवेल या दोघा भावांना झाडाला टांगले. रस्त्याने जाताना ते आपल्या घोड्याला घासून गेले, अशी एका गोऱ्या शेतकऱ्याची तक्रार होती. आपल्याकडे सावली पडली म्हणून होत असे तेच तिथे घोड्याला अंग लागले म्हणून झाले.

अशा खुनांची चौकशी कागदोपत्री होत नसे असे नाही. प्रेत सापडले की कॉरोनरने पंच बसवायचे आणि मृत्यूचे कारण ठरवायचे, असा कायदा होता. दक्षिणेत हे पंच बसत, साक्षी होत, आणि निर्णय येई, अज्ञात इसमांच्या हातून मृत्यू. कधी शेकडो लोकांच्या देखत, दिवसाढवळ्या खून झालेला असे, तरीही मारणारे अज्ञातच राहत. मारणारे अज्ञात आणि मरणारे निनावी, अशी ती नोंद.

१९३५ च्या ऑगस्टमध्ये लाउंड्समधल्या कापूस वेचणाऱ्यांनी संप केला. बटाईदारांच्या युनियनने शंभर पौंड वेचणीला एक डॉलर मागितला. जिम प्रेस मेरिवेदर हा त्यांचा एक पुढारी मारला गेला. त्याची बायको ॲनी मे मेरिवेदर हिला पकडून मारहाण केली, दोराने तुळईला टांगले. ती वाचली आणि तिने झालेला प्रकार सांगितला, म्हणून तो आज आपल्याला कळतो. काळ्यांच्या इतिहासात असे फार वेळा झाले आहे. पुरुषाचा मृत्यू इतिहासात आला तो मागे उरलेल्या बाईच्या साक्षीने.

आता १९६५ कडे येतो. त्या वर्षीच्या मार्चच्या प्रारंभी लाउंड्सच्या मतदारयादीत एकही काळा माणूस नव्हता. लोकवस्तीत मात्र दर पाचांत चार काळे होते. गोऱ्यांच्या बाबतीत उलटा चमत्कार होता. मतदानाच्या वयाचे जितके गोरे काउंटीत होते, त्याहून अधिक गोऱ्यांची नावे यादीत होती. काही नावे मेलेल्यांची, काही गाव सोडून गेलेल्यांची. गोरा माणूस मेल्यावरही मतदार राहत होता आणि काळा माणूस जिवंत असून यादीत नव्हता. सेल्मा ते माँटगोमेरी मोर्चा याच काउंटीतून गेला. मार्चमध्ये जॉन ह्यूलेट आणि एक अंध धर्मोपदेशक यांची नावे यादीत चढली आणि त्यानंतर मार्ग मोकळा होऊ लागला. स्टोकली कार्मायकेल आणि त्याचे विद्यार्थी कार्यकर्ते मोर्चानंतर इथेच थांबले.

त्या वर्षी लाउंड्सच्या मातीवर दोन खून झाले ते जगभर गाजले. व्हायोला लिउझ्झो ही डेट्रॉइटहून आलेली गोरी गृहिणी. मोर्चेकऱ्यांना गाडीने पोचवत असताना २५ मार्च रोजी क्लॅनच्या लोकांनी तिला हमरस्त्यावर गोळी घातली. जोनाथन डॅनियल्स हा गोरा धर्मशास्त्राचा विद्यार्थी. २० ऑगस्ट रोजी हेनव्हिल गावी दुकानाच्या दारात रूबी सेल्स या सतरा वर्षांच्या काळ्या मुलीवर बंदूक रोखली गेली. त्याने तिला बाजूला ढकलले आणि गोळी स्वतः घेतली. दोन्ही खटले हेनव्हिलच्या कोर्टात गोऱ्या पुरुषांच्या ज्यूरीपुढे चालले आणि दोन्हीत राज्याच्या कोर्टाने कुणालाही शिक्षा दिली नाही. काळ्यांना आणि स्त्रियांना ज्यूरीतून वगळण्याची ही पद्धत १९६६ साली फेडरल कोर्टाने घटनाविरोधी ठरवली. त्या दाव्यातली फिर्यादी लाउंड्सचीच एक काळी स्त्री होती, गार्डेनिया व्हाइट.

लिउझ्झोचा स्मृतिस्तंभ हमरस्त्यावर आहे. डॅनियल्ससाठी दर ऑगस्टमध्ये हेनव्हिलला यात्रा निघते. हे योग्यच आहे. दोघेही दुसऱ्यांच्या मुक्तीसाठी मेले आणि त्यांच्याविषयी कृतज्ञता न बाळगणारा माणूस आपल्यात बसण्याच्या लायकीचा नाही. पण एक प्रश्न विचारलाच पाहिजे. बाहेरून आलेले दोन गोरे मेले तेव्हा देश हादरला. तिथेच जन्मलेले, तिथेच मेलेले क्रॉस, पॉवेल, मेरिवेदर यांच्या मरणाने तो का हादरला नाही? लाउंड्सच्या काळ्या माणसांनी हा प्रश्न भाषणात विचारला नाही. त्यांनी तो मतपत्रिकेवर घातला.

अलाबामात डेमोक्रॅटिक पक्षाचे चिन्ह कोंबडा होते आणि त्यावर गोऱ्यांच्या वर्चस्वाची घोषणा अनेक वर्षे छापलेली होती. त्या पक्षात शिरण्याऐवजी लाउंड्सच्या लोकांनी स्वतःचा पक्ष काढला. निरक्षर मतदारांसाठी चिन्ह सक्तीचे होते, म्हणून काळा पँथर आला. ३ मे १९६६ रोजी हेनव्हिलच्या एका चर्चपाशी सुमारे ९०० लोकांनी आपले उमेदवार निवडले. शेरीफ, कर आकारणारा, कर गोळा करणारा, शिक्षण मंडळ आणि कॉरोनर, अशा जागा होत्या. कॉरोनरच्या जागेसाठी एमरी रॉस उभा राहिला.

पक्षाविषयी लिहिणाऱ्यांची नजर शेरीफच्या जागेवर जाते, कारण तिथे बंदूक आहे. मला कॉरोनरची जागा तितकीच महत्त्वाची वाटते. विद्यार्थी कार्यकर्त्यांनी चित्रे काढून लहान लहान पुस्तिका तयार केल्या होत्या आणि घरोघरी वाटल्या होत्या. शेरीफ काय करतो, कर कोण ठरवतो, आणि माणूस कशाने मेला हे कोण ठरवतो, ते त्यांत सांगितले होते. कॉरोनर व्हायला डॉक्टर असावे लागत नसे. ज्याला मृत्यूचे कारण खरे लिहायचे आहे, असा माणूस पुरेसा होता. 'अज्ञात इसमांच्या हातून' हे शब्द पुन्हा लिहिले जाऊ नयेत यासाठी त्यांना ती जागा हवी होती. नोव्हेंबरमध्ये पँथरचे सगळे उमेदवार पडले. मळेमालकांनी आपल्या मजुरांना गाड्यांत घालून कोंबड्याला मत द्यायला नेले होते.

आपल्याकडे मुंबई शहरात कॉरोनर होता आणि ते पद १९९९ मध्ये रद्द झाले. खेड्यात मात्र बेवारस किंवा संशयास्पद मरणाची पहिली खबर पोलीस पाटील देतो, पंच गावातले असतात, आणि पाटील बहुधा कोणत्या समाजाचा, पंच कुणाच्या शेतावर राबणारे, हे वाचकांना सांगायची गरज नाही. विहिरीत सापडलेली आपली मुलगी 'आकस्मिक मृत्यू' म्हणून नोंदली जाते ती याच कागदावर. लढाई बहुतेक वेळा कोर्टात हरली जात नाही. ती पंचनाम्याच्या पहिल्या पानावर आधीच हरलेली असते.

आणि नोंदीशी आपला संबंध तर फार विचित्र. गावात कुणाचेही मरण झाले की पाहुण्यांच्या गावी सांगावा पोचवायचा तो महाराने, उन्हापावसात, अनवाणी, आणि दुसऱ्या गावात वाड्याबाहेर उभे राहून. गावाच्या सगळ्या मृत्यूंची वार्ता वाहणारा हा माणूस मेला की त्याचा सांगावा घेऊन कोण गेले? मध्य प्रांत-वऱ्हाडात कोतवाल बुकात जन्ममृत्यू लिहिले जात. कोतवाल बहुधा महार. तोंडाने खबर त्याने द्यायची आणि लिहायची दुसऱ्याने. त्या बुकात आपल्या माणसांची नावे आहेत, पण जातीच्या शब्दासकट, आणि नाव नुसते एकेरी, तुटके. आज विद्यार्थी जातीच्या दाखल्याच्या पडताळणीसाठी त्याच बुकाची नक्कल काढतात. पणजोबा कधी मेला हे मुलाला स्कॉलरशिपच्या कागदपत्रांत कळते. अमेरिकेच्या तक्त्यात नाव नव्हते, मालक होता. आपल्या बुकात नाव आहे, पण जातीच्या खुंट्याला बांधलेले. कोरेगावच्या स्तंभावर १ जानेवारी १८१८ च्या लढाईत पडलेल्यांत 'नाक' प्रत्ययाची नावे कोरलेली सापडतात, कारण पलटणीला पगाराची हजेरी ठेवावी लागे. त्याच काळात गावकुसाबाहेर मेलेल्यांची हजेरी कुणी घेतली नाही.

१९७८ च्या मराठवाड्यातील नामांतराच्या दंगलीत टेंभुर्णीचा पोचिराम कांबळे मारला गेला. त्याचे नाव चळवळीने विसरू दिले नाही. पण ज्या वस्त्या जळल्या त्यांतून परागंदा होऊन, दहा-वीस वर्षांनी कुठे झोपडपट्टीत खोकत मेलेली माणसे कोणत्या यादीत आहेत? आपली स्मृती हुताम्यांवर फार अवलंबून आहे. मारला गेला तर तो आपला, अंथरुणात मेला तर तो फक्त घरच्यांचा, असे काहीतरी झाले आहे. जलदान विधीला छापलेल्या पत्रिका, 'दुःखद निधन'चे कागद, शोकसभेत वाचलेले चार शब्द, हे सारे आपल्याकडेही आहे. त्यात गिरणीचे नाव असते, धर्मांतराला नागपूरला गेल्याचा उल्लेख असतो, भूमिहीनांच्या सत्याग्रहात भोगलेल्या तुरुंगवासाचा असतो. महाविद्यालयांतले इतिहास विभाग पेशव्यांचे रुमाल जपतात. या कागदांसाठी एक कपाट मिळत नाही.

लाउंड्समधले बहुतेक पँथर गोळीने मेले नाहीत. १९६५ च्या हिवाळ्यात, मतदार झाले म्हणून मळ्यांवरून हाकलली गेलेली कुटुंबे हमरस्त्याकडेला सहा एकरांवर तंबू ठोकून राहिली. रात्री तंबूंवर गोळ्या झाडल्या जात. दोन वर्षांहून अधिक काळ ती तिथे टिकली. मग एकेक करून घर मिळाले, पोरे शिकली, म्हातारी झाली आणि गेली. तंबूंच्या त्या जागेवर २००६ साली सरकारने संग्रहालय उघडले.

लाउंड्सबरोचा एल्मोर बोलिंग हा काळा व्यापारी. मालमोटारी, दुकान, पदरी चाळीसएक माणसे. ४ डिसेंबर १९४७ रोजी त्याला रस्त्यात गाठून गोळ्या घातल्या. काळ्या माणसाने इतके वर येणे गोऱ्यांना सोसले नाही. त्याची मुलगी जोसेफीन बोलिंग मॅकॉल तेव्हा पाच वर्षांची होती. २००७ मध्ये त्या जागी फलक लागला, आणि पुढे तिने बापाच्या खुनावर स्वतः पुस्तक लिहिले. लेटोहॅचीत फलक लागला तो २०१६ साली. त्यात विल आणि जेसी पॉवेल यांची नावे आहेत, जिम क्रॉसचे आहे. त्याची बायको, मुलगा आणि मुलगी यांचा उल्लेख बायको, मुलगा आणि मुलगी असाच आहे. २०१८ मध्ये माँटगोमेरीत लिंचिंगचे राष्ट्रीय स्मारक उघडले. तिथे ८०० हून अधिक पोलादी स्तंभ टांगलेले आहेत, प्रत्येक काउंटीला एक, आणि कितीतरी स्तंभांवर नावाच्या जागी 'अज्ञात' हा एकच शब्द कोरलेला आहे. पण हा 'अज्ञात' जुन्या कॉरोनरच्या कागदातला नव्हे. तिथे हा शब्द खुन्याला लपवीत असे, इथे तो मेलेल्याची जागा राखून ठेवतो.

जॉन ह्यूलेट २००६ साली, वयाच्या ७८ व्या वर्षी वारला. १९७० च्या निवडणुकीत तो लाउंड्सचा शेरीफ झाला होता, पहिला काळा शेरीफ, आणि वीसहून अधिक वर्षे त्या जागेवर राहिला. कचेरी हेनव्हिललाच, त्याच कोर्टापाशी. त्या वर्षांत काउंटीत कुठे प्रेत सापडल्याची खबर आली की गाडी काढून जाणारा माणूस तो होता.